कार्यात्मक व्यायाम

कार्यात्मक व्यायाम म्हणजे बसणे, उठणे, वाकणे, उचलणे, ढकलणे, ओढणे, वळणे, चढणे आणि तोल सावरणे या दैनंदिन जीवनातील हालचाली सुलभपणे व सुरक्षितपणे करता याव्यात, या हेतूने केलेला व्यायाम होय. 'फंक्शनल ट्रेनिंग' या संज्ञेसाठी मराठीत हा शब्द वापरला जातो. या व्यायामात एखादा स्नायू एकटा घेऊन तो पुष्ट करण्यावर भर नसतो. अनेक सांधे व स्नायू एकत्र काम करतील अशा हालचालींचा सराव त्यात केला जातो. सामर्थ्य, सांध्यांची लवचिकता, तोल आणि हालचालींतील सुसूत्रता ही त्याची चार प्रमुख अंगे मानली जातात.

ही संज्ञा आधुनिक असून ती प्रामुख्याने पुनर्वसन चिकित्सेतून आली आहे. मात्र तिच्यामागील कल्पना महाराष्ट्राला अपरिचित नाही. तालमीतील जोर-बैठका, सूर्यनमस्कार, मल्लखांब, मुद्गल आणि लेझीम यांत संपूर्ण शरीराचा एकत्रित वापर होतो. लोकसंख्येतील वृद्धांचे वाढते प्रमाण, बैठी कामे आणि यंत्रांमुळे कमी झालेले घरगुती श्रम यांमुळे या प्रकारच्या व्यायामाला सार्वजनिक आरोग्याच्या दृष्टीने महत्त्व प्राप्त झाले आहे.

संकल्पना

शरीर ज्या प्रकारचा ताण वारंवार सोसते, त्याच प्रकारच्या ताणाला ते अनुरूप होत जाते. व्यायामशास्त्रात यास विशिष्टतेचे तत्त्व म्हणतात. खुर्चीवर बसून केवळ गुडघा सरळ करण्याचा व्यायाम केल्यास मांडीच्या पुढील स्नायूचे बळ वाढते. परंतु जमिनीवरून उठण्यासाठी तेवढे बळ पुरेसे होत नाही. उठताना घोटा, गुडघा व खुबा हे तिन्ही सांधे ठरावीक क्रमाने उलगडावे लागतात, धड पुढे झुकवावे लागते आणि शरीराचा भार नितंबांवरून तळपायांवर आणावा लागतो. ही क्रिया सुधारण्याचा सर्वांत सरळ मार्ग म्हणजे उठण्याचाच, आपल्या कुवतीनुसार सोपा किंवा अवघड करून घेतलेला, सराव होय.

'कार्य' या शब्दाचा अर्थ व्यक्तीनुसार बदलतो. विहिरीवर काम करणाऱ्या शेतकऱ्यास ओढण्याची व उचलण्याची ताकद लागते. बालसंगोपन करणाऱ्या व्यक्तीस मूल कडेवर घेऊन जिना चढता यावा लागतो. पंचाहत्तरीच्या व्यक्तीस आधाराविना शौचास बसून उठता येणे हेच मोठे कार्य असते. म्हणून कोणताही एक व्यायाम स्वभावतः कार्यात्मक नसतो. तो कोणासाठी व कोणत्या कामासाठी आहे, यावर त्याचे कार्यात्मक असणे ठरते.

दैनंदिन कार्यक्षमता मोजण्याच्या पद्धती वैद्यकशास्त्रात विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रूढ झाल्या. सिडनी कॅट्झ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1963 मध्ये मांडलेल्या निर्देशांकात स्नान, वस्त्रे परिधान करणे, शौचविधी, एका जागेवरून दुसऱ्या जागी होणे, मलमूत्रावरील नियंत्रण आणि भोजन या सहा क्रियांचा समावेश आहे. लॉटन आणि ब्रॉडी यांनी 1969 मध्ये त्यापुढील पातळीच्या क्रियांची, म्हणजे खरेदी, स्वयंपाक, प्रवास, औषधे घेणे, पैशांचे व्यवहार इत्यादींची मापनश्रेणी तयार केली. कार्यात्मक व्यायामाचे अंतिम उद्दिष्ट या क्रियांमधील स्वावलंबन शक्य तितका काळ टिकविणे हे आहे.

आधुनिक विकास

पहिल्या महायुद्धात जखमी झालेल्या सैनिकांना पुन्हा कामधंद्यास लावण्याच्या प्रयत्नांतून व्यवसायोपचार आणि भौतिकोपचार या शाखांना चालना मिळाली. सैनिकाला साधने हाताळता येणे, चालता येणे व चढता येणे, हे तेथे उपचाराचे उद्दिष्ट होते. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात अमेरिकी लष्करी वैद्य थॉमस डीलॉर्म यांनी भार क्रमाक्रमाने वाढवीत नेण्याची पद्धत मांडली. 1945 मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या लेखनाने पुनर्वसनातील सामर्थ्य-व्यायामाला शास्त्रीय बैठक दिली.

वृद्धांच्या बाबतीत 1990 हे वर्ष महत्त्वाचे ठरले. मारिया फियाटारोन व सहकाऱ्यांनी बोस्टन येथील शुश्रूषागृहात राहणाऱ्या, सुमारे नव्वद वर्षे वयाच्या दहा अशक्त व्यक्तींना आठ आठवडे पायांचा भारयुक्त व्यायाम दिला. अभ्यास पूर्ण करणाऱ्यांच्या पायांतील बळ सरासरी 174 टक्क्यांनी वाढले आणि त्यांच्या चालण्यातही सुधारणा दिसली. अतिवृद्धांचे स्नायूदेखील व्यायामाला प्रतिसाद देतात, हे या छोट्या अभ्यासाने दाखवून दिले. 'या वयात आता काय व्यायाम करायचा' या समजुतीला त्यामुळे धक्का बसला.

1990 च्या दशकापासून कार्यात्मक व्यायाम हा शब्दप्रयोग रुग्णालयांबाहेर, क्रीडाप्रशिक्षणात व व्यायामशाळांत पसरला. याच काळात ग्रे कूक आणि ली बर्टन यांनी 'फंक्शनल मूव्हमेंट स्क्रीन' ही सात हालचालींची तपासणी विकसित केली. तीत प्रत्येक हालचालीस जास्तीत जास्त तीन, असे एकूण 21 गुण असतात.

मूलभूत हालचाली

दैनंदिन कामे असंख्य असली तरी त्यांमागील मूलभूत हालचाली थोड्याच आहेत. त्यांचे वर्गीकरण निरनिराळ्या पद्धतींनी केले जाते. पुढील सात प्रकार सामान्यतः स्वीकारले जातात.

1. बसणे-उठणे: खुर्ची, पाट किंवा जमिनीवरून उठणे आणि शौचास बसणे. व्यायामप्रकार: खुर्चीवरून उठबस, अर्धी बैठक, पूर्ण बैठक.
2. खुब्यातून वाकणे: पाठ सरळ ठेवून खुब्याच्या सांध्यातून धड पुढे झुकविणे. जमिनीवरची बादली किंवा पोते उचलताना ही हालचाल लागते. व्यायामप्रकार: हात मांड्यांवरून खाली सरकवीत वाकणे, हलके ओझे उचलणे.
3. एका पायावर भार घेणे: जिना चढणे, बांध ओलांडणे, एस.टी. बसच्या उंच पहिल्या पायरीवर पाय ठेवणे. व्यायामप्रकार: पायरीवर चढ-उतार, पाऊल पुढे टाकून गुडघा वाकविणे.
4. ढकलणे: जड दार लोटणे, हातगाडी ढकलणे, पालथे पडल्यावर हातांच्या आधाराने उठणे. व्यायामप्रकार: भिंतीवर हात टेकून काढलेले जोर, ओट्यावरचे जोर, जमिनीवरचे जोर.
5. ओढणे: विहिरीचे पाणी शेंदणे, दावे ओढणे, फडताळातील जड डबा पुढे घेणे. व्यायामप्रकार: दोरी किंवा रबरी पट्टा ओढणे, दांड्याला लोंबकळणे.
6. वळणे व पीळ देणे: धुणे पिळणे, मागे वळून पाहणे, खोऱ्याने माती टाकणे. व्यायामप्रकार: उभ्याने धड वळविणे, मुद्गल फिरविणे.
7. चालणे व वाहून नेणे: पाण्याची कळशी, बाजाराची पिशवी किंवा मूल घेऊन चालणे. व्यायामप्रकार: दोन्ही हातांत समान किंवा एका हातात वजन घेऊन चालणे.

या सातही प्रकारांत तोल आणि श्वासाचे नियमन अंतर्भूत असते. काही वर्गीकरणांत जमिनीवर बसून पुन्हा उभे राहणे हा आठवा स्वतंत्र प्रकार मानला जातो. मांडी घालून भोजन, पूजा, भजन व पंगत यांची परंपरा असलेल्या समाजात तो विशेष महत्त्वाचा ठरतो.

शरीरशास्त्रीय आधार

वयाच्या तिशीनंतर स्नायूंचे वस्तुमान दर दशकात साधारणतः 3 ते 8 टक्क्यांनी घटते आणि साठीनंतर हा वेग वाढतो. वयानुसार होणाऱ्या या स्नायुक्षयासाठी अर्विन रोझेनबर्ग यांनी 1989 मध्ये 'सार्कोपेनिया' ही संज्ञा सुचविली. वस्तुमानापेक्षा बळ अधिक वेगाने घटते. झटकन बळ लावण्याची क्षमता त्याहूनही लवकर कमी होते. ठेच लागल्यावर दुसरे पाऊल चटकन पुढे टाकून तोल सावरण्यासाठी नेमकी हीच क्षमता लागते.

तोल हे तीन यंत्रणांचे संयुक्त कार्य आहे. डोळे परिसराची माहिती देतात. अंतर्कर्णातील यंत्रणा डोक्याच्या हालचालीची जाणीव करून देते. स्नायू, कंडरा, सांधे व तळपाय यांतील संवेदक शरीराच्या स्थितीची माहिती मेंदूला पुरवितात. अंधारात किंवा डोळे मिटून एका पायावर उभे राहणे कठीण जाते, कारण तेव्हा यांपैकी एक आधार नाहीसा झालेला असतो. मधुमेहामुळे तळपायाची संवेदना कमी झालेल्या व्यक्तींचा तोल याच कारणाने बिघडू शकतो.

सराव सुरू केल्यानंतर पहिल्या काही आठवड्यांत जाणवणारी ताकद मुख्यतः मज्जासंस्थेतील बदलांमुळे वाढते. मेंदू अधिक स्नायुतंतूंना एकाच वेळी कामास लावण्यास शिकतो. स्नायूंच्या आकारातील वाढ त्यानंतर दिसू लागते. त्यामुळे शरीरात दृश्य बदल नसतानाही उठणे-बसणे सोपे झाल्याचा अनुभव येऊ शकतो.

महाराष्ट्रातील परंपरा

तालीम व आखाडा

महाराष्ट्रात गावोगावी असलेल्या तालमी हे सामूहिक व्यायामाचे जुने केंद्र होय. त्यांत प्रायः मारुतीची मूर्ती असते आणि वस्तादाच्या देखरेखीखाली जोर, बैठका व सपाट्या काढल्या जातात. जोरामध्ये हात-पाय जमिनीवर टेकून नितंब उंच ठेवले जातात आणि छाती जमिनीलगत कमानीत खालून पुढे नेली जाते. या एकाच क्रियेत खांदे, छाती, पाठीचा कणा आणि खुबे यांना व्यायाम घडतो. बैठकीत टाचा उचलून चवड्यांवर खाली बसतात व हातांच्या झोक्यासह वर उठतात. आखाड्याची माती खणणे व ती सारखी करणे हेदेखील पैलवानाच्या व्यायामाचा भाग असते. दोरावर चढणे, गदा फिरविणे आणि मुद्गल व करेल यांचे हात करणे यांतून पकड, खांदे व धड यांचे बळ वाढते.

कोल्हापूर संस्थानात राजर्षी शाहू महाराजांनी कुस्तीला राजाश्रय दिला. तेथील खासबाग मैदान 1912 मध्ये पूर्ण झाले. अहिल्यानगर जिल्ह्यात ग्रामदैवताच्या यात्रेनिमित्त भरणारा कुस्त्यांचा हगामा हा ग्रामीण जीवनाचा भाग आहे आणि त्याच्या निमित्ताने तरुणांमध्ये जोर-बैठकांचा सराव टिकून राहिला आहे.

मल्लखांब

दुसऱ्या बाजीरावाच्या काळात बाळंभटदादा देवधर यांनी मल्लखांबाचे पुनरुज्जीवन केले, असे परंपरा सांगते. लाकडी खांबावर किंवा दोरावर केल्या जाणाऱ्या या प्रकारात स्वतःच्या शरीराचा भार ओढणे, पेलणे आणि वळविणे या क्रिया सतत कराव्या लागतात. कुस्तीगिराला पकड, चपळाई व अंगाचा लवचिकपणा मिळावा, हा त्याचा मूळ हेतू होता. अर्थात एका कार्यासाठी दुसऱ्या हालचालीचा सराव, हे कार्यात्मक व्यायामाचे तत्त्व तेथे आढळते.

सूर्यनमस्कार

औंध संस्थानचे अधिपती भवानराव श्रीनिवासराव पंतप्रतिनिधी (1868–1951) यांनी सूर्यनमस्कारांचा व्यापक प्रसार केला आणि आपल्या संस्थानातील शाळांमध्ये ते सुरू केले. त्यांच्या पद्धतीची माहिती देणारे 'द टेन पॉइंट वे टू हेल्थ' हे लुईस मॉर्गन यांनी संपादित केलेले इंग्रजी पुस्तक 1938 मध्ये लंडनहून प्रसिद्ध झाले. सूर्यनमस्कारात खुब्यातून वाकणे, एक पाय मागे नेणे, हातांवर भार तोलणे, कणा मागे वळविणे आणि पुन्हा उभे राहणे अशा हालचालींची साखळी असते. त्यासाठी साधन लागत नाही आणि जागाही अंथरुणाएवढीच पुरते. तथापि ओढणे, पीळ देणे आणि ओझे वाहणे या तीन प्रकारांचा त्यात समावेश नाही. त्यामुळे ती उणीव इतर व्यायामाने भरून काढावी लागते.

संस्था व ग्रंथ

अमरावती येथे 1914 मध्ये स्थापन झालेल्या श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने भारतीय व्यायामप्रकारांचे पद्धतशीर शिक्षण सुरू केले. मंडळाच्या पथकाने 1936 मध्ये बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी भारतीय खेळांची प्रात्यक्षिके सादर केली. 1924 मध्ये पुण्यात कॅप्टन शिवरामपंत दामले यांनी महाराष्ट्रीय मंडळाची, तर लोणावळ्यात स्वामी कुवलयानंद यांनी कैवल्यधामाची स्थापना केली. कैवल्यधामाने योगिक क्रियांचा प्रयोगशाळेत अभ्यास करण्याची प्रथा पाडली. बी.के.एस. अय्यंगार यांनी 1975 मध्ये पुण्यात रमामणी अय्यंगार स्मृती योग संस्था सुरू केली. खुर्ची, पट्टा, लाकडी ठोकळा, दोर यांच्या साहाय्याने अशक्त व वृद्ध व्यक्तींनाही आसने करता यावीत, अशी त्यांची पद्धत जगभर पोहोचली. व्यक्तीच्या कुवतीनुसार हालचाल सोपी करून देणे हे तिचे सूत्र आधुनिक पुनर्वसनाशी जुळणारे आहे.

बडोद्याहून द.चिं. करंदीकर-मुजुमदार यांनी संपादित केलेल्या दहा खंडांच्या 'व्यायामज्ञानकोशा'त (1936–49) देशी व विदेशी व्यायामप्रकारांची सचित्र माहिती संकलित झाली आहे. मराठीतील या विषयावरील तो सर्वांत विस्तृत संदर्भग्रंथ मानला जातो.

श्रम आणि व्यायाम

ग्रामीण भागात 'शेतात राबणाऱ्याला वेगळा व्यायाम कशाला' असा प्रश्न नेहमी विचारला जातो. पूर्वीच्या घरकामात व शेतकामात मूलभूत हालचाली विपुल होत्या, हे खरे आहे. जात्यावर दळणे म्हणजे बसून केलेले ढकलणे, ओढणे व धड फिरविणे होते. कांडप, सारवण, पाणी शेंदणे आणि डोक्यावरून हंडा आणणे यांतून हात, पाठ, खुबे व मान यांना रोज काम मिळत असे. पिठाची गिरणी, नळ व पंप आल्यानंतर हे कष्ट कमी झाले. स्त्रियांच्या दृष्टीने ही मोठी सुटका होती. परंतु कष्टांबरोबर गेलेल्या हालचालींची जागा दुसऱ्या कशाने घेतली नाही.

दुसरीकडे, श्रम म्हणजे व्यायाम नव्हे. व्यायामात भार ठरवून घेतला जातो, डाव्या-उजव्या अंगांचा समतोल राखला जातो आणि विश्रांती मिळते. श्रमात काम संपेपर्यंत एकच हालचाल शेकडो वेळा करावी लागते. अहिल्यानगर जिल्ह्यातील कर्जत तालुक्यात, अहिल्यानगर–सोलापूर मार्गावर वसलेल्या मिरजगावसारख्या अवर्षणप्रवण भागातील गावांत रब्बी ज्वारी हे महत्त्वाचे पीक आहे. ज्वारीची काढणी करताना दिवसभर वाकून ताटे उपटणे, पेंढ्या बांधणे आणि कणसे खुडणे ही कामे चालतात. त्यांत पाठ दीर्घकाळ पुढे झुकलेली राहते आणि ती मागे नेण्याची हालचाल क्वचितच होते. जिल्ह्याच्या दक्षिण व पूर्व भागांतून तसेच शेजारच्या बीड जिल्ह्यातून हंगामात ऊसतोडणीसाठी जाणाऱ्या मजुरांचे काम याहून कठीण असते. वाकून कोयता चालविणे आणि उसाची मोळी डोक्यावर घेऊन वाहनावर चढविणे यांत कंबर, मान व गुडघे यांवर एकांगी ताण येतो.

अशा व्यक्तींसाठी कार्यात्मक व्यायामाचे स्वरूप अधिक श्रम असे नसते. कामात होणाऱ्या हालचालीची उलट हालचाल करणे, खुब्यातून वाकण्याची रीत अंगवळणी पाडणे, ओझे शरीरालगत धरणे आणि दोन्ही खांदे आलटून-पालटून वापरणे असे ते असते. व्यायाम ही विश्रांती, पुरेसा आहार व कामाच्या योग्य परिस्थिती यांना पर्याय ठरत नाही.

शहरांतील स्थिती याच्या उलट आहे. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या साहाय्याने झालेल्या आणि 2014 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत तामिळनाडू, महाराष्ट्र, झारखंड व चंडीगढ येथील 14,227 व्यक्तींचा समावेश होता. त्यांपैकी 54.4 टक्के व्यक्ती शारीरिकदृष्ट्या निष्क्रिय आढळल्या. शहरी भागात हे प्रमाण 65 टक्के, तर ग्रामीण भागात 50 टक्के होते. ग्रामीण भागातील निम्मे लोकही निष्क्रिय असावेत, ही बाब गावाकडील माणूस आपोआप तंदुरुस्त असतो या समजुतीला छेद देणारी आहे.

वार्धक्य आणि पडण्याचा धोका

2011 च्या जनगणनेनुसार महाराष्ट्राच्या लोकसंख्येत साठ वर्षे व त्यावरील व्यक्तींचे प्रमाण 9.9 टक्के होते. देशाचे सरासरी प्रमाण 8.6 टक्के होते. या वयोगटात पडणे ही गंभीर घटना असते. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगात दरवर्षी सुमारे 6 लाख 84 हजार व्यक्ती पडल्यामुळे मृत्युमुखी पडतात आणि त्यांपैकी 80 टक्क्यांहून अधिक मृत्यू अल्प व मध्यम उत्पन्नाच्या देशांत होतात. खुब्याचे हाड मोडल्यानंतर अनेक वृद्धांना पूर्वीसारखे चालणे शक्य होत नाही.

शारीरिक इजेइतकाच पडण्याच्या भीतीचा परिणाम होतो. एकदा पडलेली व्यक्ती बाहेर जाणे टाळते, हालचाल कमी करते, त्यामुळे स्नायू अधिक दुर्बळ होतात आणि पुन्हा पडण्याची शक्यता वाढते. घरातील मंडळींनी काळजीपोटी 'तुम्ही बसून राहा' असे सांगणे या दुष्टचक्राला नकळत हातभार लावते.

हे चक्र तोडण्यात व्यायामाचा उपयोग होतो, याचे पुरावे भक्कम आहेत. कॅथरीन शेरिंग्टन व सहकाऱ्यांनी 2019 मध्ये केलेल्या कोक्रेन समीक्षेत 108 चाचण्या व 23,407 सहभागी यांचा आढावा घेण्यात आला. तोल व कार्यात्मक हालचालींच्या व्यायामामुळे पडण्याचे प्रमाण सुमारे 24 टक्क्यांनी कमी झाल्याचे तीत आढळले. न्यूझीलंडमधील ओटागो विद्यापीठात विकसित झालेल्या घरगुती व्यायामक्रमाने हे प्रमाण सुमारे 35 टक्क्यांनी घटले. ऑस्ट्रेलियात लिंडी क्लेमसन यांच्या गटाने सत्तर वर्षांवरील 317 व्यक्तींवर केलेला अभ्यास 2012 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात व्यायामासाठी वेगळा वेळ न काढता तो घरकामात गुंफण्यात आला होता. या पद्धतीने पडण्याचे प्रमाण 31 टक्क्यांनी कमी झाले. दात घासताना एका पायावर उभे राहणे, खालच्या कप्प्यातील वस्तू गुडघे वाकवून घेणे, ही अशा गुंफणीची उदाहरणे होत.

पडल्यानंतर उठता येणे हे स्वतंत्र कौशल्य आहे. दीर्घकाळ जमिनीवर पडून राहिल्यास शरीरातील पाणी कमी होणे, त्वचेवर व्रण पडणे, स्नायूंना इजा होणे असे धोके संभवतात. इजा झाली नसल्याची खात्री करून प्रथम कुशीवर वळणे, मग कोपर व हातांच्या आधाराने ओणवे होणे, जवळच्या खुर्चीपर्यंत रांगत जाणे, तिच्यावर हात टेकून एक पाऊल पुढे रोवणे आणि त्यानंतर उठून खुर्चीवर बसणे, अशा टप्प्यांनी हे कौशल्य शिकविले जाते. त्याचा सराव पडण्यापूर्वी, कोणीतरी सोबत असताना करणे आवश्यक असते.

क्षमतेच्या चाचण्या

- तीस सेकंदांची उठबस चाचणी: रॉबर्टा रिकली व जेसी जोन्स यांनी 1999 मध्ये मांडलेल्या या चाचणीत हात छातीवर ठेवून खुर्चीवरून तीस सेकंदांत किती वेळा पूर्ण उठता येते, हे मोजतात. 60 ते 64 वयोगटात पुरुषांसाठी 14 पेक्षा कमी व स्त्रियांसाठी 12 पेक्षा कमी संख्या सरासरीखालची मानली जाते.
- उठून चालण्याची चाचणी: 1991 मध्ये प्रसिद्ध झालेल्या या चाचणीत खुर्चीवरून उठून तीन मीटर चालणे, वळणे, परत येणे व बसणे यांस लागणारा वेळ मोजतात. 12 सेकंद वा अधिक वेळ लागल्यास पडण्याचा धोका असल्याचे समजतात.
- बसून उठण्याची चाचणी: ब्राझीलमधील क्लॉडिओ गिल अराउजो यांनी प्रचलित केलेल्या या चाचणीत जमिनीवर बसणे व उठणे यांस प्रत्येकी पाच गुण असतात. हात, गुडघा इत्यादींचा प्रत्येक आधार घेतल्यास एक गुण आणि तोल डळमळल्यास अर्धा गुण वजा होतो. 51 ते 80 वयोगटातील 2,002 व्यक्तींच्या, 2012 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात कमी गुण आणि अधिक मृत्युदर यांचा संबंध आढळला.

या चाचण्या रोगनिदान करीत नाहीत. कमी गुण हे अशक्तपणाचे लक्षण असते, तो कशामुळे आला हे शोधणे वैद्यकीय तपासणीचे काम आहे. गुडघेदुखी असलेल्या व्यक्तीने तिसरी चाचणी टाळणे श्रेयस्कर ठरते.

सरावाची सर्वसाधारण पद्धत

जागतिक आरोग्य संघटनेच्या 2020 च्या मार्गदर्शक सूचनांनुसार प्रौढांनी आठवड्यात 150 ते 300 मिनिटे मध्यम तीव्रतेची हालचाल आणि किमान दोन दिवस सामर्थ्यवर्धक व्यायाम करणे अपेक्षित आहे. 65 वर्षांवरील व्यक्तींसाठी याशिवाय आठवड्यातून तीन वा अधिक दिवस तोल व सामर्थ्य यांवर भर देणारा कार्यात्मक व्यायाम सुचविला आहे.

सरावाचा आरंभ सध्या विनाकष्ट जमणाऱ्या पातळीवरून केला जातो आणि त्यानंतर एका वेळी एकच गोष्ट कठीण केली जाते. उदाहरणार्थ, बसण्या-उठण्याच्या सरावाचा क्रम असा असू शकतो: हातांचा आधार घेऊन उंच खुर्चीवरून उठणे, आधाराविना उठणे, कमी उंचीच्या स्टुलावरून उठणे, पाटावरून उठणे आणि शेवटी जमिनीवरून उठणे. प्रत्येक पायरीवर आठ ते बारा आवर्तने सहज होऊ लागली म्हणजे पुढची पायरी घेतली जाते. त्याचप्रमाणे जोर प्रथम भिंतीवर, मग ओट्यावर आणि नंतर जमिनीवर काढले जातात. तोलाचा सराव भिंतीजवळ किंवा जड खुर्ची हाताशी ठेवून केला जातो.

वजनासाठी विशेष साधनांची आवश्यकता नसते. पाणी भरलेली बाटली, धान्याची पिशवी किंवा अर्धी भरलेली कळशी पुरते. आवर्तनांची संख्या वाढविण्यापेक्षा हालचाल शुद्ध ठेवण्यास प्राधान्य दिले जाते. स्नायूंच्या बांधणीसाठी आहारात डाळी, कडधान्ये, दूध, अंडी यांसारखी प्रथिनयुक्त द्रव्ये पुरेशी असणेही आवश्यक असते.

दक्षता

- जोर लावताना श्वास रोखून धरल्यास रक्तदाब एकदम वाढतो. उठताना किंवा उचलताना श्वास सोडण्याची सवय हितकारक असते.
- छातीत दुखणे, धाप लागणे, भोवळ येणे किंवा सांध्यात तीव्र कळ येणे अशा वेळी व्यायाम तत्काळ थांबवून वैद्यकीय सल्ला घेणे आवश्यक असते.
- हृदयविकार, अनियंत्रित रक्तदाब किंवा नुकतीच झालेली शस्त्रक्रिया असल्यास सराव वैद्यांच्या अनुमतीनेच सुरू केला जातो.
- हाडे ठिसूळ झालेल्या व्यक्तींनी पाठ गोल करून वाकणे आणि वाकलेल्या स्थितीत पीळ देणे टाळावयाचे असते.
- कृत्रिम खुबा किंवा गुडघा बसविलेल्या व्यक्तींना जमिनीवर बसण्याविषयी शस्त्रवैद्यांच्या सूचना पाळाव्या लागतात.
- ओली फरशी, सैल चपला, पायात अडकणारे वस्त्र व अपुरा उजेड ही घरातील पडण्याची नेहमीची कारणे असून ती सरावापूर्वी दूर केली जातात.

मर्यादा व आक्षेप

'कार्यात्मक' हा शब्द व्यापारी जाहिरातींत सैलपणे वापरला जातो, असा आक्षेप घेतला जातो. डळमळत्या फळीवर उभे राहून वजन उचलण्यासारखे प्रकार आकर्षक दिसले तरी त्यांचा दैनंदिन कामाशी संबंध कमी असतो. 'फंक्शनल मूव्हमेंट स्क्रीन'मधील कमी गुणांवरून भावी दुखापतींचे भाकीत करता येईल, अशी अपेक्षा प्रारंभी होती. नंतरच्या आढाव्यांतून ती पुरेशी सिद्ध झाली नाही. याशिवाय, एकेका स्नायूसाठी केलेला व्यायाम निरुपयोगी ठरत नाही. फार अशक्त व्यक्तीला उठबस जमण्यापूर्वी मांडीचा स्नायू स्वतंत्रपणे बळकट करावा लागतो.

जमिनीवर बसण्याच्या जीवनशैलीचे सरसकट गौरवीकरणही योग्य ठरत नाही. उकिडवे बसण्याची क्षमता टिकविणे आणि तासन्‌तास उकिडवे बसून राहणे यांत भेद आहे. बीजिंगमधील वृद्धांच्या 2004 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात तरुणपणी दीर्घकाळ उकिडवे बसण्याचा आणि उतारवयातील गुडघ्याच्या संधिवाताचा संबंध आढळला. त्याच कारणाने तालमीतील शेकडो बैठकांचे प्रमाण सामान्य व्यक्तीसाठी, विशेषतः चाळिशीनंतर प्रथमच व्यायाम सुरू करणाऱ्यांसाठी, अनुकरणीय मानले जात नाही. पैलवानाचे कार्य कुस्ती जिंकणे हे असते. इतरांच्या बाबतीत ते स्वतःची कामे स्वतः करता येणे एवढेच असते आणि त्यासाठी लागणारा सराव पुष्कळ कमी, मात्र आयुष्यभर चालणारा असतो.

हेही पहा

- सूर्यनमस्कार
- मल्लखांब
- कुस्ती
- भौतिकोपचार
- स्नायुक्षय
- श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ